गळा व्हर्लीनचा, तोंड भलतीचं

रेव्हरंड पेटिग्रू कोणत्या रविवारी कुणाकडे जेवणार, याची यादी माउंट गिलियड चर्चच्या फळ्यावर महिनाभर आधी लागते आणि ती दहा आज्ञांपेक्षा जास्त पाळली जाते. तरीही जूनच्या शेवटच्या रविवारी रेव्हरंड सिस्टर हेझलकडे न जाता टॉलिव्हरांच्या घरी आले, याचं सगळं श्रेय मॅक्सिनला. मॅक्सिनने हेझलबाईंना स्वतःच्या हाताने केलेला लिंबाचा केक नेऊन दिला, त्यांच्या गुडघ्यांची चौकशी केली आणि पाळी बदलून घेतली. एवढी भूतदया तिला एरवी सुचत नाही. शिवाय आमंत्रण तिने स्वतःच्या घरचं दिलं नाही, सासूच्या घरचं दिलं. आयजीच्या जिवावर बायजी उदार, ती अशी.

कारण एवढंच होतं की साडेचार वाजता टीव्हीवर व्हिडिओ लागणार होता, आणि तोवर रेव्हरंड त्याच टीव्हीसमोर तृप्त होऊन बसलेले असणार होते.

व्हिडिओ डेमेट्रियसचा. त्याच्या 'कॅनल थ्री' या तीन पोरांच्या हिप-हॉप गटाला एका मोठ्या सिनेमासाठी गाणं मिळालं होतं. सिनेमात सात मोटारी उडतात, चाळीस माणसं मरतात आणि शेवटी नायक पोलीस आपल्या कुत्र्याला मिठी मारतो. त्यात या गाण्याचं काय काम, हे सिनेमावाल्यांनाच ठाऊक. पण जहाजांचा कारखाना बंद झाल्यापासून कॅलिफोर्नियातल्या रिचमंडमध्ये फारसं काही घडलंच नव्हतं, त्यामुळे गल्लीत महिनाभर दुसरा विषय नव्हता. 'खाडीपलीकडे' हे गाण्याचं नाव. तिन्ही पोरं त्यात तडातडा बोलत सुटतात, आणि ती जरा दम खायला थांबली की एका बाईचा आवाज वर चढतो. खरं सांगायचं तर लोक गाणं ऐकतात ते तेवढ्यासाठीच.

तो आवाज व्हर्लीनचा. डेमेट्रियसची आई वारली तेव्हा पोर सहा वर्षांचं होतं, तेव्हापासून या मावशीनेच त्याला वाढवलं. दिवसा ती शाळेच्या स्वयंपाकघरात आठशे मुलांचं जेवण करते आणि रविवारी माउंट गिलियडच्या गायनमंडळात पुढे उभी राहून गाते. हे एकतीस वर्षं चाललं होतं.

आता अडचण अशी, की ज्या एझ्रा टॉलिव्हरने हे चर्च उभं केलं, म्हणजे व्हर्लीनच्या बापाने, त्यानेच नियम लिहून ठेवला होता: जो गळा देवापुढे गातो तो बाजारात गाणार नाही, आणि गायला तर नव्वद दिवस मागच्या बाकावर. चर्चमध्ये याला 'बसवणं' म्हणतात. बसवलेल्याने झगा घालायचा नाही, पुढे यायचं नाही, सगळे गात असतानाही ओठ मिटून राहायचं. आणि बरोबर दोन आठवड्यांनी चर्चचा पन्नासावा वर्धापनदिन होता. त्या दिवशी एकटीने गायचं गाणं व्हर्लीनचं. व्हर्लीन बसली, तर मॅक्सिनच्या मुलीचं, शेरिलचं. केकमागचं भक्तिप्रेम ते एवढंच.

"रेव्हरंड, अजून एक तुकडा घ्या की," मॅक्सिन म्हणाली. कोंबडीचा सगळ्यात मोठा तुकडा पाळकाचा, हा रिवाज. चौथाही पाळकाचाच, हा नवा रिवाज रेव्हरंडांनी आणला होता.

"सिस्टर, तुम्ही मला पापात ढकलताय," असं म्हणून रेव्हरंड पापात पडले.

टेबलाच्या दुसऱ्या टोकाला क्लिओफस एकच घास ताटात फिरवत होता. क्लिओफस व्हर्लीनचा थोरला भाऊ, मॅक्सिनचा नवरा आणि चर्चच्या डीकन मंडळाचा, म्हणजे कारभारी मंडळाचा, प्रमुख. तिघांचाही मान राखायचा म्हणजे तोंड बंद ठेवायचं, हे तो तीस वर्षांत शिकला होता. बहीण सिनेमासाठी गायली हे त्याला माहीत होतं. पण माहीत असणं आणि डीकन म्हणून माहीत असणं या दोन गोष्टी त्याने वेगवेगळ्या कपाटांत ठेवल्या होत्या. रेव्हरंड येणार हे त्याला सकाळी चर्चच्या पायरीवर कळलं, तेही बायकोकडून, हसत हसत.

तो पाण्याचं निमित्त करून स्वयंपाकघरात गेला. व्हर्लीन भाजीचं पातेलं खरवडत होती.

"व्हर्ली, टीव्ही बिघडला म्हणून सांगू का?"

"सकाळीच तुझ्या बायकोनं लावून बघितलाय. चांगला चाललाय म्हणाली."

"मग केबल गेली म्हणू. अगं, त्यांच्यासमोर लागला तर मला उद्याच बैठक बोलवावी लागेल. मलाच तुझं नाव वाचावं लागेल. कळतंय का तुला?"

"कळतंय."

"मग?"

व्हर्लीनने पातेलं बाजूला ठेवलं. "क्लिओ, एकतीस वर्षं गातेय मी. लोक रडतात, हात वर करतात, एकदा ब्रदर ओटिस बाकावरून खाली पडले. मी कशी दिसते तेव्हा, ते मलाच माहीत नाही. मी एकटीच कधी समोर बसले नाही ना. आज बघायचंय मला. मग बसवा नव्वद दिवस. बसेन."

क्लिओफस पाणी न घेताच परत गेला.

साडेचारला सगळे टीव्हीपुढे जमले. म्हातारी ओडेसा, एझ्राची विधवा, खिडकीजवळच्या खुर्चीत, कमरेला स्वयंपाकाचा ॲप्रन तसाच. चर्चमध्ये तिला सगळे 'मदर टॉलिव्हर' म्हणतात आणि तिच्या नजरेला टरकतात. रेव्हरंड कोचाच्या मधोमध. व्हर्लीनने निळा पोशाख घातला होता, ओठांना रंगही लावला होता, आणि ती कोचाच्या हातावर टेकून बसली होती. डेमेट्रियस मात्र टीव्हीजवळ जमिनीवर बसून व्हिडिओ रेकॉर्डरची बटणं उगाचच दाबत होता. चोवीस वर्षांचा पोरगा, पहिल्यांदा टीव्हीवर येणार, आणि चेहरा असा जणू दाढ काढायला आलाय.

"काय रे, तुझाच व्हिडिओ ना?" मॅक्सिन म्हणाली. "जरा हस की. आम्ही सगळे तुझ्याचसाठी जमलोय."

"हो मामी. दिसतंय."

आणि व्हिडिओ लागला.

आधी एक मोटार उडाली. मग कुत्रा. मग धक्क्यावर उभे राहून हातवारे करणारी तिन्ही पोरं, त्यात डेमेट्रियस बरा दिसत होता. मग पुन्हा कुत्रा. मग पोरं गप्प झाली आणि तो आवाज उठला, खालून, सावकाश, ज्याने ब्रदर ओटिस पडले होते तोच, आणि कॅमेरा पाण्यावरून वळून एका पोरीवर येऊन थांबला.

पोरगी बावीस-तेवीसची. वजन व्हर्लीनच्या एका मांडीएवढं असेल. अंगात गायनमंडळाचा जांभळा झगा, पण समोरून सताड उघडा, आणि आत जे काही होतं ते कापड म्हणण्याइतपत नव्हतं. वारा सुटला होता. पोरीने डोळे मिटले, मान मागे टाकली आणि तोंड उघडलं. आवाज तोवर पुढे निघून गेला होता, म्हणजे वरातीमागून घोडं. त्यानंतर जेव्हा जेव्हा व्हर्लीन गायली तेव्हा तेव्हा ती पोरगी दिसली. चार मिनिटं दहा सेकंदांत पोरगी सात वेळा दिसली, कुत्रा सहा वेळा, आणि व्हर्लीन एकदाही नाही.

जाहिरात लागली. कुणी आवाज कमी केला नाही.

पहिले बोलले ते रेव्हरंड. त्यांनीही तो आवाज ओळखला होता. ओळखला नसता तर ते बहिरे असते. पण वर्धापनदिनाला ओकलंडहून चार पाळक येणार होते, पत्रिकेवर व्हर्लीनचं नाव छापून झालं होतं, आणि शेरिलचं गाणं त्यांनी एका बारशाला ऐकलं होतं.

"वा," ते म्हणाले. "तरुण मुलं आहेत, उत्साह आहे. बरं झालं, आपल्या चर्चमधलं कुणी त्यात नाही."

"नाही, कुणीच नाही," क्लिओफस घाईने म्हणाला. दोन्ही कपाटांना एकदम कुलूप लागल्याचा आनंद त्याच्या तोंडावर मावत नव्हता.

"पण तो आवाज!" मॅक्सिन उठून उभी राहिली. "अहो, आवाज ऐकलात ना? व्हर्लीनचा होता तो!"

"सिस्टर मॅक्सिन, कॅलिफोर्नियात आवाजांना काय तोटा?"

"मॅक्सिन, खाली बस," क्लिओफस म्हणाला.

"का बसू? शेरिल, तू सांग. कुणाचा आवाज होता?"

शेरिल एकवीस वर्षांची, स्वभावाने गरीब. वर्धापनदिनाच्या गाण्यातला वरचा सूर आपल्याला लागत नाही हे तिला पक्कं ठाऊक होतं, आईलाच ते कुणी सांगितलं नव्हतं. "मला नाही ओळखता आला," ती म्हणाली.

अळीमिळी गुपचिळी. त्या खोलीत खरं बोलणारी एकटी मॅक्सिन उरली, आणि तीही निव्वळ वाईट हेतूने. खऱ्याची बाजू घ्यायची सवय नसल्यामुळे ती जरा गांगरली. मग तिला आठवलं.

"ठीक आहे. आवाज नसेल. झगा? झगा तर आपला होता! कॉलरवर सोनेरी दोऱ्यानं 'गिलियड' शिवलंय, मी स्वतः शिवलंय. देवाचा झगा त्या उघड्या पोरीच्या अंगावर गेला कसा? हे तरी विचाराल की नाही, रेव्हरंड?"

हे मात्र रेव्हरंडांना विचारणं भाग होतं. गळा देवाने दिलेला असतो, पण झगे मंडळींनी वर्गणी काढून शिवलेले.

व्हर्लीन उठली आणि स्वयंपाकघरात गेली. तिच्यामागून डेमेट्रियस गेला, आणि काठी टेकत ओडेसा.

"तुला माहीत होतं," व्हर्लीन म्हणाली. तिची पाठ होती त्याच्याकडे.

"तीन आठवड्यांपासून."

"अकरा तास उभी होते मी त्या धक्क्यावर. उन्हात, झगा घालून. शूटिंगवाली बाई म्हणाली, झगा चुरगळलाय, इस्त्री करून पाठवते. मी म्हटलं, किती चांगली माणसं."

"मावशी, ते म्हणाले चेहरा हवा. म्हणजे… पडद्याला शोभेल असा."

"मग माझ्या मानेवर काय आहे? भोपळा?"

"मी नाही म्हटलं त्यांना. खरंच म्हटलं. मग ते म्हणाले, दुसरं गाणं घेतो. दुसऱ्या गटाचं तयार आहे." तो थांबला. "मग मी काहीच म्हटलं नाही."

"आणि घरी येऊन मी वाढलेलं जेवलास. तीन आठवडे."

डेमेट्रियसच्या डोळ्यांत पाणी आलं. ते खरं होतं, पण त्याने व्हर्लीनला काही फरक पडला नाही.

"झालं ते बरंच झालं," ओडेसा म्हणाली. ती स्टुलावर बसली होती. "दिसली नाहीस, सुटलीस. बाहेर जा आणि सांग, मी नव्हे. संपलं."

"मा!"

"मा काय? मी सांगितलंय तसं. चव्वेचाळीस साली. कारखान्याच्या हॉलमध्ये शनिवारी नाच असायचा, तिथं गायले मी दोनदा. कुणीतरी तबकडी काढली. तुझ्या बापानं ती आणून या टेबलावर ठेवली आणि विचारलं, ओडेसा, हा तुझा आवाज? मी म्हटलं, नाही. त्यांना पटलं. पाच पोरं झाली, संसार झाला, मदर टॉलिव्हर झाले. काय बिघडलं?"

व्हर्लीन वळून आईकडे बघत राहिली. टॉलिव्हरांच्या घराण्यात गळा आला तो एझ्राकडून, असं तिला जन्मापासून सांगण्यात आलं होतं. एझ्रा गायला की अंगणातली कुत्री ओरडायची, हेही सगळ्यांना आठवत होतं, पण दोन गोष्टींची सांगड घालायची कुणाला गरज वाटली नव्हती.

"त्यानंतर गायलीस तू कधी?"

"वेळ कुठे होता?"

"भांडी घासताना? आम्हाला झोपवताना?"

ओडेसाने ॲप्रनला हात पुसले. व्हर्लीनने चोपन्न वर्षांत आईला गुणगुणतानासुद्धा ऐकलं नव्हतं. तिला फार वाईट वाटलं, आणि त्याहून जास्त राग आला. कुणाचा, हे तिला नीट सांगता आलं नसतं.

बाहेर मॅक्सिनचा आवाज चढला होता. डेमेट्रियसने बाहीने डोळे पुसले आणि मावशीच्या आधी तो बाहेर गेला.

"रेव्हरंड, झगा मी नेला," तो म्हणाला. "मावशीच्या कपाटातून. तिला न विचारता. चोरलाच म्हणा."

खोलीत सगळ्यांनी केवढा सुटकेचा निःश्वास टाकला! क्लिओफस तर भाच्याच्या खांद्यावर हात ठेवायला धावला. रेव्हरंडांचा चेहरा उजळला. चोर सापडला होता, तरुण होता, पश्चात्ताप करत होता आणि गायनमंडळात नव्हता. याहून सोयीचं पाप त्यांच्या पाळकपणाच्या काळात घडलं नव्हतं.

"मुला, कबूल केलंस यातच सगळं आलं," ते म्हणाले. "एक नवा झगा शिवून दे. देव क्षमाशील आहे."

"आणि मीपण," क्लिओफस म्हणाला.

"मीपण," शेरिल म्हणाली.

सगळे एवढ्या जोरात क्षमा करत असताना मॅक्सिनला मध्ये बोलायला जागाच नव्हती.

व्हर्लीन दारात उभी होती. "त्यानं झगा चोरला नाही," ती म्हणाली.

"व्हर्ली, आता जाऊ दे ना," क्लिओफस म्हणाला.

"नाही क्लिओ, त्याला भलत्या गुन्ह्याची माफी नको. झगा मी नेला, माझ्या हातानं, घडी घालून. तो मी त्यांना दिला. तुम्ही क्षमा करताय ती चोरी झालीच नाही. जी झाली, तिच्याबद्दल याला कुणी विचारलंसुद्धा नाही." ती डेमेट्रियसकडे वळली. "तू माझा गळा दुसरीच्या तोंडात घातलास. आणि मला सांगितलं नाहीस. ते मी बघेन तुझं नि माझं. त्यात देवाला मध्ये घालू नकोस."

डेमेट्रियसने मान खाली घातली.

रेव्हरंडांनी शेवटचा प्रयत्न केला. बिचाऱ्यांनी खरोखर मनापासून केला. "सिस्टर व्हर्लीन, मी एकदाच विचारतो आणि नीट विचार करून उत्तर द्या. पत्रिका छापून झाल्यात. तिकडे टीव्हीत मी एक मुलगी बघितली, तोंड उघडताना. माझ्या डोळ्यांनी. ती तुम्ही नव्हता. मग तो आवाज तुमचा होता असं म्हणायला मला काय कारण आहे?"

"माझा होता," व्हर्लीन म्हणाली. "पहिल्यापासून शेवटपर्यंत. श्वास घेतलेलासुद्धा ऐकू येतो, दुसऱ्या कडव्याआधी. तो पण माझा."

आता त्यांना कुठे जायला वाट उरली नाही. क्लिओफस जमिनीकडे बघत होता. शेरिल रडायला लागली, कारण आता ते गाणं तिच्या गळ्यात पडलं होतं. आणि मॅक्सिनला जे हवं होतं ते सगळं मिळालं होतं. लेकीचं रडं बघत तिने ते मिळवल्याचा आनंद मानायचा प्रयत्न केला, पण तो काही जमेना.

रेव्हरंडांनी हॅट उचलली आणि हॅटकडे बघतच म्हणाले, "नव्वद दिवस, सिस्टर. नियम तुमच्या वडिलांचा आहे."

"माहीत आहे."

"मला वाईट वाटतंय."

"वाटू द्या," व्हर्लीन म्हणाली. तिने दाराची चौकट धरली.

तेवढ्यात ओडेसा काठी ठोकत बाहेर आली. ती सरळ टीव्हीपाशी गेली, कमरेचा ॲप्रन सोडला, झटकला, आणि टीव्हीच्या काचेवरून खाली सोडून वरच्या कडेला फुलदाणी ठेवली. पडदा पुरता झाकला गेला. वाकून तिने कडा सारख्या केल्या.

"डेमेट्रियस, कॅसेट मागे घे. पहिल्यापासून लाव."

"आजी, काही दिसणार नाही."

"दिसायचं काय आहे त्यात?"

रेव्हरंड दारापर्यंत पोचले होते. "मदर टॉलिव्हर, मला निघायला हवं. सहा वाजता प्रार्थना…"

"बसा."

रेव्हरंड बसले. कॅसेट मागे जाऊन खट्कन थांबली.

"नीट ऐकून घ्या," ओडेसा म्हणाली. "आता तीन महिने तुम्हाला हे मिळायचं नाही."